चौकाबाहेरचे घर : अख्तरीबाई फैजाबादी ते बेगम अख्तर

लखनौचा चौक हा केवळ एक जुना बाजार नव्हे; उर्दू साहित्याने त्यास एक सामाजिक अर्थ दिला आहे. मिर्झा हादी रुस्वा यांच्या १८९९ मधील ‘उमराव जान अदा’ या कादंबरीची नायिका फैजाबादेतून पळवून आणली जाते आणि चौकातील खानमच्या कोठ्यावर विकली जाते. अख्तरीबाईंचा जन्मही फैजाबादकडचाच, १९१४ सालचा; पुढे त्याही लखनौच्याच झाल्या. परंतु मधल्या काळात बोलपट, ध्वनिमुद्रिका आणि नभोवाणी यांचा उदय झाला होता. या नव्या माध्यमांनी कलावंत स्त्रीस काय दिले आणि त्याचे कोणते मोल घेतले, याचा विचार त्यांच्या चरित्रावाचून पुरा होत नाही.

आई मुश्तरीबाई गाणाऱ्या. वडील असगर हुसेन वकील. त्यांनी मायलेकींचा त्याग केला आणि मुलीच्या शिक्षणाचा सारा भार आईवर पडला. पतियाळ्याचे अता महंमद खाँ आणि किराणा घराण्याचे अब्दुल वहीद खाँ यांची तालीम अख्तरीबाईंना लाभली. कलकत्त्यात १९३४ साली बिहारच्या भूकंपग्रस्तांसाठी झालेल्या जलशाने त्यांचे नाव झाले. मेगाफोन कंपनीच्या ध्वनिमुद्रिका घरोघर पोहोचल्या. कलकत्त्याच्याच कोरिंथियन रंगभूमीवर त्यांनी उर्दू नाटकांतून भूमिका केल्या. ‘एक दिन का बादशाह’ (१९३३) पासून बोलपटही सुरू झाले. मुंबईत मेहबूब खान यांनी काढलेल्या ‘रोटी’ (१९४२) मध्ये त्या चंद्रमोहन यांच्यासमवेत धनिक समाजातील आधुनिक तरुणीच्या भूमिकेत दिसतात. संगीत अनिल विश्वास यांचे होते. तथापि त्यांनी गायिलेल्या काही गझला चित्रपटातून वगळल्या गेल्या.

त्यापूर्वीच, १९३०च्या दशकाच्या उत्तरार्धात, त्यांनी लखनौस बिऱ्हाड थाटले. तेही चौकात नव्हे, तर हजरतगंजच्या बाजूस. कमाई स्वतःची, घर स्वतःचे. पण ‘बाई’ हे उपपद मात्र सुटले नाही.

येथे मराठी वाचकास हिराबाई बडोदेकरांचे स्मरण होणे स्वाभाविक आहे. त्यांनाही अब्दुल वहीद खाँ यांचीच तालीम मिळाली होती. महाराष्ट्रात संगीत नाटकाचा कुटुंबवत्सल प्रेक्षक आणि तिकीट लावून होणारे जलसे यांच्या आधारे हिराबाईंना ‘बाई’ राहूनच सार्वजनिक आदर मिळविता आला. अवधमध्ये अशा प्रेक्षकवर्गाचा आधार नव्हता. तेथे प्रतिष्ठेचा मार्ग विवाहातून जात होता.

१९४५ साली बॅरिस्टर इश्तियाक अहमद अब्बासी यांच्याशी अख्तरीबाईंचा निकाह झाला आणि गाणे थांबले. अभिनयाचा अध्यायही जवळजवळ संपला. जे रंगभूमीला आणि बोलपटाला देता आले नव्हते, ते कुलीन घराचे नाव विवाहाने दिले. परंतु त्यासाठी आवाज मागून घेतला. या मौनात त्यांची प्रकृती खालावत गेली.

१९४९ साली लखनौ नभोवाणी केंद्रावरून त्या पुन्हा गायिल्या. या घटनेस एक पार्श्वभूमी आहे. स्वातंत्र्याच्या सुमारास, सरदार पटेल नभोवाणीमंत्री असताना, ज्यांचे खाजगी जीवन लोकापवादाचा विषय आहे अशा स्त्रियांना केंद्राचे दार बंद करण्यात आले होते. कोठ्याची परंपरा वाहणाऱ्या अनेक गायिका त्यामुळे दूर सारल्या गेल्या. ज्या विवाहाने अख्तरीबाईंना मुके केले, त्यानेच त्यांना हे दार खुले ठेवले, हा विरोधाभास नजरेआड करता येत नाही. नभोवाणीवर आवाज ऐकू येतो, गाणारी दिसत नाही; पडदा आणि गायन यांची सांगड घालणारे हे माध्यम होते. ‘बेगम अख्तर’ हे नाव पुढे सर्वतोमुखी झाले. सत्यजित राय यांच्या ‘जलसाघर’ (१९५८) मध्ये त्या पडद्यावर पुन्हा आल्या, पण एका मैफलीपुरत्याच, गायिका म्हणून. १९७२ साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार त्यांना मिळाला. पद्मभूषण मृत्यूनंतर, १९७५ साली.

म्हणून नावांतील हा बदल केवळ उन्नतीची खूण मानणे अपुरे ठरेल. ‘बेगम अख्तर’ यांच्या गौरवात ‘अख्तरीबाईं’ची नटी म्हणून असलेली दहा वर्षे झाकली गेली, आणि ज्यांना असे दुसरे नाव लाभले नाही, त्या गायिका तर विस्मृतीतच गेल्या.

३० ऑक्टोबर १९७४ रोजी अहमदाबाद येथे, गाण्याच्या दौऱ्यावर असतानाच, त्यांचे निधन झाले. देह लखनौस आणून पसंदबागेत आईशेजारी दफन करण्यात आला. ज्या चौकापासून त्यांनी आपले घर दूर ठेवले होते, त्याच्याच शेजारच्या ठाकूरगंज वस्तीत ही कबर आहे. तेथे बेगम आणि बाई, लेक आणि आई, शेजारी शेजारी विसावल्या आहेत.