शिंद्यांचा सेनानी : डिबॉईन

अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात दिल्लीच्या राजकारणाची सूत्रे मराठ्यांच्या हाती आली होती. १७७१ मध्ये महादजी शिंदे, विसाजी कृष्ण बिनीवाले आदी सरदारांनी दिल्ली जिंकली आणि पुढील वर्षाच्या आरंभी बादशहा शाहआलम आपल्या राजधानीत परतला. १७८४ मध्ये बादशाहीचा कारभार पाहण्याचे अधिकार महादजींना मिळाले. हे अधिकार टिकवण्यासाठी जी कवायती फौज उभी राहिली, तिचा शिल्पकार युरोपातील एका लहानशा डोंगराळ प्रदेशातून आलेला होता. त्याचे नाव बेन्वा डिबॉईन.

आपल्याकडील अनेक पुस्तकांत डिबॉईनला फ्रेंच म्हटलेले आढळते. त्याची भाषा फ्रेंच होती हे खरे. परंतु तो जन्मला तेव्हा त्याची जन्मभूमी फ्रान्समध्ये नव्हती. मार्च १७५१ मध्ये सव्हॉय प्रांतातील शांबेरी या नगरात एका कातडी-लोकरीच्या व्यापाऱ्याच्या घरी त्याचा जन्म झाला. आल्प्स पर्वताच्या पश्चिम उतारावरील हा प्रांत त्या वेळी सार्डिनियाच्या राजाच्या सत्तेखाली होता. या राजाची राजधानी आल्प्सच्या पलीकडे तुरिन येथे होती. आज ज्याला आपण इटली म्हणतो, ते राष्ट्र त्या काळी अस्तित्वातच नव्हते. त्या द्वीपकल्पात अनेक लहानमोठी राज्ये नांदत होती. फ्रान्स, ऑस्ट्रिया अशा बलाढ्य सत्तांच्या मध्ये सापडलेल्या सव्हॉयमधील तरुणांना परक्या राजांच्या सैन्यात चाकरी करणे हा उपजीविकेचा नेहमीचा मार्ग वाटत असे.

डिबॉईननेही तोच मार्ग धरला. वयाच्या सतराव्या वर्षाच्या सुमारास तो फ्रान्सच्या सैन्यातील एका आयरिश पलटणीत दाखल झाला. फ्रान्सच्या सैन्यात आयरिश पलटण कशी, असा प्रश्न साहजिकच पडेल. सतराव्या शतकाच्या अखेरीस आयर्लंडमधील कॅथलिक पक्षाचा पराभव झाला, तेव्हा हजारो आयरिश सैनिकांनी देशत्याग करून फ्रान्सचा आश्रय घेतला होता. त्यांच्या पलटणी पुढे शंभर वर्षे तेथे टिकल्या. या पलटणीत डिबॉईन युरोपीय पद्धतीची कवायत आणि कडक शिस्त शिकला. मात्र तेथे बढतीची आशा दिसेना, म्हणून त्याने ती चाकरी सोडली.

त्या सुमारास रशिया आणि तुर्कस्तान यांच्यात युद्ध चालू होते. १७६८ ते १७७४ या काळात झालेल्या या युद्धात रशियाचे आरमार भूमध्य समुद्रात उतरले होते. डिबॉईन रशियाच्या पक्षास जाऊन मिळाला. परंतु एका चढाईत तो तुर्कांच्या हाती सापडला आणि त्याला कैद भोगावी लागली. सुटका झाल्यावर त्याने पूर्वेची वाट धरली. इजिप्तमार्गे प्रवास करून १७७८ मध्ये तो मद्रासला पोहोचला आणि ईस्ट इंडिया कंपनीच्या देशी पायदळात काही काळ अधिकारी म्हणून राहिला. पुढे कंपनीची नोकरी सोडून तो उत्तरेस लखनौला गेला व तेथे त्याने फारसी आणि हिंदुस्थानी भाषांचा अभ्यास केला.

१७८४ मध्ये महादजींनी त्याला आपल्या पदरी ठेवले. महादजींची ही निवड विचारपूर्वक होती. १७६१ मधील पानिपतच्या संग्रामात ते स्वतः लढले होते आणि तेथे त्यांच्या पायाला कायमची जखम झाली होती. केवळ घोडदळाच्या जोरावर यापुढे निभाव लागणार नाही, हे त्यांनी ओळखले होते. पानिपतावर इब्राहिमखान गारद्याच्या कवायती पायदळाने गाजवलेला पराक्रमही त्यांना ठाऊक होता. त्यांनी डिबॉईनला प्रथम सुमारे साडेआठशे सैनिकांच्या दोन पलटणी उभारण्यास सांगितले. १७८७ मधील लालसोटच्या लढाईत महादजींना माघार घ्यावी लागली. पण या पलटणींनी आपली शिस्त मोडू दिली नाही.

फौज वाढवण्याविषयी मतभेद झाल्यामुळे डिबॉईन काही काळ लखनौला जाऊन व्यापार करू लागला. महादजींनी १७९० मध्ये त्याला परत बोलावले. या वेळी फौजेच्या खर्चासाठी दुआबातील मुलूख नेमून देण्यात आला आणि अलीगड हे तिचे मुख्य ठाणे झाले. सैनिकांना नियमित पगार मिळे. जखमी व अपंग झालेल्यांच्या निर्वाहाचीही तरतूद असे. ज्या काळात पगार महिनोन्‌महिने थकत, त्या काळात ही व्यवस्था असाधारण होती. तिचे फळ लवकरच दिसले. जून १७९० मध्ये पाटण येथे आणि सप्टेंबरमध्ये मेडता येथे या फौजेने मोठे विजय मिळवले. १७९३ मध्ये लाखेरीच्या लढाईत तिने होळकरांच्या फौजेचा पराभव केला. मराठ्यांच्याच दोन प्रमुख घराण्यांनी परस्परांवर तोफा डागाव्यात, ही घटना पुढील संकटाची सूचक ठरली.

१२ फेब्रुवारी १७९४ रोजी पुण्याजवळ वानवडी येथे महादजींचे निधन झाले. पुढे दीड-दोन वर्षांत डिबॉईनने प्रकृतीच्या कारणास्तव फौजेची सूत्रे खाली ठेवली. त्याच्या जागी पेराँ हा फ्रेंच अधिकारी आला. डिबॉईन १७९७ मध्ये अमाप संपत्तीसह इंग्लंडला पोहोचला. भारतात त्याने एका मुस्लिम स्त्रीशी संसार केला होता आणि तिच्यापासून त्याला दोन अपत्ये झाली होती. ती सर्व त्याच्याबरोबर इंग्लंडला गेली. परंतु १७९८ मध्ये त्याने फ्रान्समधील राज्यक्रांतीमुळे परागंदा झालेल्या एका सरदाराच्या कन्येशी विवाह केला. हा विवाह सुखाचा झाला नाही. त्याच्या भारतीय पत्नीने उर्वरित दीर्घ आयुष्य इंग्लंडच्या ससेक्स परगण्यात एकाकीपणे काढले. रणांगणावर आपल्या माणसांची काळजी वाहणाऱ्या या सेनानीच्या चरित्रातील ही उणीव झाकता येत नाही.

डिबॉईन पुढे शांबेरीला परतला, तेव्हा त्याचे गाव फ्रान्सच्या ताब्यात गेले होते. १७९२ मध्ये फ्रेंच क्रांतिकारकांच्या सैन्याने सव्हॉय घेतला होता. नेपोलियनच्या पराभवानंतर १८१५ मध्ये तो पुन्हा सार्डिनियाच्या राजाकडे आला. घर न बदलता माणसाचे राज्य दोनदा बदलले! डिबॉईनने आपल्या संपत्तीचा मोठा भाग रुग्णालये, वृद्धांची निवासस्थाने आणि नगराच्या सुधारणेसाठी दिला. २१ जून १८३० रोजी त्याचे निधन झाले. १८३८ मध्ये शांबेरीकरांनी त्याच्या स्मरणार्थ चार हत्तींच्या शिल्पांनी सजलेले कारंजे उभारले. १८६० मध्ये सव्हॉय कायमचा फ्रान्सला जोडला गेला आणि त्याच राजघराण्याच्या नेतृत्वाखाली १८६१ मध्ये इटलीचे राज्य स्थापन झाले.

त्याने उभारलेल्या फौजेचे काय झाले? १८०३ मध्ये इंग्रजांशी युद्ध जुंपताच पेराँने शिंद्यांची साथ सोडून इंग्रजांचा आश्रय घेतला. ४ सप्टेंबरला अलीगडचा किल्ला पडला. ११ सप्टेंबर रोजी यमुनेच्या पूर्वतीरावर पटपडगंज येथे लढाई होऊन दिल्ली इंग्रजांच्या हाती गेली. आज तेथे दाट वस्ती आहे आणि जवळच्या नोएडात या लढाईचा स्मारकस्तंभ उभा आहे. परंतु १ नोव्हेंबर रोजी अलवरजवळ लासवाडी येथे याच फौजेतील पलटणी पुन्हा इंग्रजांसमोर उभ्या राहिल्या. बहुतेक युरोपीय अधिकारी निघून गेले होते, तरी सामान्य शिपाई आपल्या तोफांजवळून हटले नाहीत. त्यांच्या शौर्याने खुद्द इंग्रज सेनापती लेकही चकित झाला.

परक्या अधिकाऱ्यांकडून विद्या घेणे हा महादजींचा दूरदर्शीपणा होता. मात्र त्या विद्येचे नेतृत्व करणारे आपले अधिकारी वेळेवर तयार झाले नाहीत आणि त्याची किंमत मराठी राज्याला मोजावी लागली. डिबॉईनचे नाव शांबेरीच्या कारंज्यावर कोरले गेले. लासवाडीवर पडलेल्या शिपायांची नावे मात्र आपल्याला ज्ञात नाहीत. त्याचे चरित्र वाचताना त्या अनामिकांचेही स्मरण ठेवणे उचित होईल.