कात्री धरणारे हात : कै. दादासाहेब फाळके

आमच्या बाळपणी निलंग्यास जत्रेच्या दिवसांत तंबूतला सिनेमा येई. फीत मध्येच तुटे, अंधारात शिट्ट्या वाजत, आणि यंत्र चालविणारे गृहस्थ दोन्ही टोके खरवडून, चिकट द्रव्य लावून ती जोडून देत. या खटाटोपात काही चित्रे गळत. मग घोड्याजवळ उभा असलेला दरवडेखोर चढण्यापूर्वीच दौडू लागे आणि सारा तंबू हसे. हास्य नटाच्या तोंडावर जितके असते तितकेच तोडण्याजोडण्यात असते, हे आम्हांस तेथे कळले. ज्यांनी या कसबापायी आपला संसार पणास लाविला, त्या कै. धुंडिराज गोविंद तथा दादासाहेब फाळके यांचे चरित्र आज याच अंगाने सांगावयाचे योजिले आहे.

दादासाहेबांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वरी झाला. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत व बडोद्याच्या कलाभवनात त्यांचे शिक्षण झाले. छायाचित्रण, ठसे तयार करणे, छपाई असे अनेक उद्योग त्यांनी केले. ते जादूचे प्रयोगही करीत, आणि त्यासाठी आपलेच आडनाव उलटे फिरवून त्यांनी ‘प्रोफेसर केळफा’ असे नाव घेतले होते. आमच्या मते त्यांच्या पुढील कर्तृत्वाचे बीज या नावात आहे. जादूगार पाहणाराची नजर क्षणभर दुसरीकडे नेतो. चित्रपट जोडणाराही तेच करतो.

‘ख्रिस्ताचे जीवन’ हा पट पाहून त्यांना या विद्येचा ध्यास लागला. डोळे अधू झाले, विम्याची पॉलिसी गहाण पडली, तरी १९१२ साली ते विलायतेस जाऊन यंत्रसामग्री घेऊन आले. भांडवलदारास खात्री पटावी म्हणून त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, आणि दिवसामागून दिवस एकेक चित्र घेऊन रोप भराभर वाढताना दाखविले.

कोरी फीत त्या काळी कडेच्या छिद्रांवाचून येई. रात्री अंधाऱ्या खोलीत ती छिद्रे पाडण्याचे काम त्यांच्या पत्नी सौ. सरस्वतीबाई करीत. फीत धुणे, जोडणे हेही त्या शिकल्या. दिवसा उन्हात पांढऱ्या चादरी धरून नटांवर उजेड पाडावा आणि साऱ्या मंडळींचा स्वयंपाक रांधावा, तोही त्यांनीच. दागिने गहाण पडले ते वेगळेच. ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये लोकांपुढे आला. त्याची लांबी सुमारे ३७०० फूट होती. एका फुटात १६ चित्रे धरिली तर हा हिशेब ५९ हजारांवर जातो! आज ज्यास संकलन म्हणतात ते तेव्हा घरकामच होते. आमच्या भगिनींनी हे अवश्य ध्यानी घ्यावे. कारण दादासाहेबांचे नाव सर्वतोमुखी झाले, बाईंचे झाले नाही, आणि ही उणीव आम्हांस सलते.

पुढे ‘मोहिनी भस्मासुर’ या पौराणिक पटाबरोबर त्यांनी ‘पिठाचे पंजे’ हा छोटा विनोदी पट दाखविला. गंभीर कथेस हास्याची जोड द्यावी, ही आपल्या नाटकमंडळ्यांची जुनीच रीत. ‘आगकाड्यांची मौज’ या पटात तर नट नाहीच. काडी किंचित सरकवावी, एक चित्र घ्यावे, पुन्हा सरकवावी, अशा रीतीने निर्जीव काड्यांना त्यांनी हलते केले. ‘लंकादहन’ (१९१७) मध्ये अण्णा साळुंके या एकाच नटाने राम आणि सीता दोघेही रंगविले. ‘कालियामर्दन’ (१९१९) मध्ये कन्या मंदाकिनी कृष्ण झाली. आरंभी तिच्या मुद्रेवरील निरनिराळे भाव दाखवून मग तीच बालिका कृष्णरूपात समोर येते.

बोलपट आल्यावर मात्र या कारागिरीस खीळ बसली. पूर्वी नको तेवढे तुकडे खुशाल काढता येत; आता फीत कापली की शब्दही कापला जाई. कोल्हापूर सिनेटोनसाठी त्यांनी १९३७ साली ‘गंगावतरण’ केला. तोच त्यांचा अखेरचा पट. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकास त्यांचा अंत झाला. १९६९ पासून त्यांच्या नावे भारत सरकार चित्रपटसृष्टीतील सर्वोच्च सन्मान देते. हयातीत एवढी कदर झाली असती तर त्यांचे अखेरचे दिवस विपन्नावस्थेत गेले नसते.

त्यांच्या पटांपैकी फार थोडे भाग उरले आहेत. ‘चित्रपट कसे तयार करतात’ या लघुपटाचा जो अंश शिल्लक आहे, त्यात दादासाहेब स्वतः हाती फीत घेऊन ती निरखीत बसलेले दिसतात.