पंढरपूरचा मुलगा बर्लिनपर्यंत पोचला

मकबूल फिदा हुसेन म्हटलं की घोडे आठवतात, अनवाणी पाय आठवतात, कोर्टकचेऱ्या आठवतात. पण या माणसाने सिनेमाही केला आणि त्यात जगात नाव काढलं, हे आपल्या सोलापूर जिल्ह्यातल्या घरांत फारसं कुणी सांगत नाही. म्हणून आज आम्ही त्याबद्दल लिहितो आहोत.

हुसेनसाहेबांचा जन्म १९१५ चा, पंढरपूरचा. घर सुलेमानी बोहरा. ते तान्हे असतानाच आई झैनब यांचा इंतकाल झाला. आईचा चेहरा त्यांना कधी आठवलाच नाही. आजोबा दिवे-कंदील बनवायचे. तो कंदील मात्र आयुष्यभर त्यांच्या चित्रांत येत राहिला. पुढे वडिलांबरोबर ते इंदूरला गेले.

तरुणपणी मुंबईत आले तेव्हा खिशात काही नव्हतं. सिनेमाची मोठमोठी होर्डिंग रंगवायची, चौरस फुटाला काही आणे मिळायचे. पुढे लग्न झालं, मुलं झाली. घर चालवायला त्यांनी लाकडी खेळणी आणि फर्निचरची डिझाइनंही केली. १९४७ मध्ये सूझा, रझा यांच्या प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुपमध्ये ते आले आणि चित्रकार म्हणून नाव झालं.

सिनेमा त्यांनी कुठल्या शाळेत शिकला नव्हता. तरीही १९६७ मध्ये फिल्म्स डिव्हिजनसाठी त्यांनी 'थ्रू द आइज ऑफ अ पेंटर' हा लघुपट केला. राजस्थानात शूटिंग झालं. ना गोष्ट, ना संवाद. छत्री, कंदील, जोडा, माणसं, वाडे. फक्त दृश्यं आणि संगीत. त्याच वर्षी बर्लिनच्या महोत्सवात लघुपटाचं 'गोल्डन बेअर' त्याला मिळालं. होर्डिंग रंगवणाऱ्या हातांनी मिळवलेला हा मान होता!

पुढे पंचाऐंशीच्या घरात असताना माधुरी दीक्षितला घेऊन त्यांनी 'गजगामिनी' केला. २००४ मध्ये 'मीनाक्षी' आला, संगीत ए. आर. रहमान यांचं, कॅमेरा संतोष सिवन यांचा. त्यातल्या एका गाण्यात कुरआनातले शब्द आहेत म्हणून काही मुस्लिम संघटनांनी हरकत घेतली आणि हुसेनसाहेबांनी सिनेमा थिएटरांतून काढून घेतला. त्यांच्या चित्रांवरून हिंदुत्ववादी संघटनांनी केसेस टाकल्या, हल्ले केले, हे आपण नेहमी सांगतो. ही दुसरी बाजूही आपण प्रामाणिकपणे सांगायला हवी.

२००६ मध्ये त्यांनी देश सोडला. २००८ मध्ये दिल्ली हायकोर्टाने त्यांच्या बाजूने निकाल दिला, पण ते परतले नाहीत. २०१० मध्ये कतारचं नागरिकत्व घेतलं. ९ जून २०११ रोजी लंडनमध्ये त्यांचं निधन झालं आणि दफनही इंग्लंडमध्येच झालं. पद्मविभूषण मिळालेल्या माणसाला मायदेशाची माती मिळाली नाही, याचं दुःख आम्हाला आजही वाटतं.

त्यांची सगळीच चित्रं पटली पाहिजेत असं आमचं म्हणणं नाही. पण घरातल्या एखाद्या मुलाने किंवा मुलीने ब्रश धरला, कॅमेरा मागितला, तर लगेच नाही म्हणू नका. पंढरपूरच्या या मुलाची हकीकत आधी त्यांना सांगा, मग काय ते ठरवा.