एमिल राकोवित्सा
एमिल राकोवित्सा (१५ नोव्हेंबर १८६८ – नोव्हेंबर १९४७) हे रोमेनियन प्राणिशास्त्रज्ञ होते. गुहांत व भूमिगत पाण्यात राहणाऱ्या सजीवांच्या अभ्यासाला, म्हणजेच गुहाजीवशास्त्राला, स्वतंत्र शास्त्राचे स्थान प्रामुख्याने त्यांच्यामुळे मिळाले.

राकोवित्सा यांचा जन्म याश येथे झाला. विख्यात कथाकार इयोन क्रिआंगा हे त्यांचे शाळेतील शिक्षक होते. वडिलांच्या इच्छेखातर त्यांनी पॅरिसमध्ये कायद्याची पदवी घेतली. ओढा मात्र निसर्गविज्ञानाकडे होता. समुद्री वलयी कृमींवरील प्रबंधासाठी १८९६ मध्ये त्यांना डॉक्टरेट मिळाली. पुढच्याच वर्षी ते ‘बेल्जिका’ जहाजावरून अंटार्क्टिकाच्या मोहिमेवर गेले. १८९८ च्या मार्चपासून सुमारे वर्षभर हे जहाज बर्फात अडकून पडले होते. परतल्यावर १९०० मध्ये ते फ्रान्समधील बान्यूल येथील सागरी प्रयोगशाळेचे उपसंचालक झाले.

== गुहांकडे वळण ==
सागरी संशोधनात असे नाव झालेले असताना त्यांनी विषयच बदलला, आणि तोही एका क्षुद्र जिवामुळे. १९०४ मध्ये मायोर्का बेटावरील द्राक गुहेतील भूमिगत तळ्यात त्यांना एक रंगहीन, नेत्रहीन कवचधारी प्राणी आढळला. कवचधारी म्हटले की आपल्याला खेकडा व कोळंबी आठवते. हा प्राणी त्याच वर्गातील, पण आयसोपोडा गणातील होता. त्याला त्यांनी ‘टिफ्लोसिरोलाना मोराग्वेसी’ असे नाव दिले. ‘टिफ्लो’ म्हणजे आंधळा. त्याचे बहुतेक भाईबंद समुद्रात राहतात. मग हा गुहेत कसा आला, त्याचे डोळे व रंग कसे गेले, या प्रश्नांनी राकोवित्सांचे पुढील आयुष्य व्यापले.

१९०७ मध्ये प्रसिद्ध झालेला त्यांचा दीर्घ निबंध या शास्त्राचा पाया मानला जातो. माणूस ज्यात शिरू शकतो ती गुहा म्हणजे भूमिगत सृष्टीचा केवळ एक भाग होय; खडकांतील अरुंद भेगा हेही या जिवांचे विस्तीर्ण वसतिस्थान आहे, असे त्यांनी त्यात मांडले. वापर नसल्याने डोळे लोपतात हा त्यांचा लामार्कवादी विचार पुढे टिकला नाही. भेगांविषयीचा विचार मात्र टिकला, आणि त्यांचे खरे मोठेपण त्यातच आहे. पुढे गोड्या पाण्यातील व भूजलातील आयसोपोडांवरही त्यांनी लेखमाला लिहिली.

== क्लुज येथील संस्था ==
१९२० मध्ये क्लुज येथे त्यांनी जगातील पहिली गुहाविज्ञान संस्था स्थापन केली. फ्रेंच कीटकशास्त्रज्ञ रने जानेल आणि भूजलातील सूक्ष्म कवचधाऱ्यांचे स्विस अभ्यासक प्येर-आल्फ्रेद शापुई हे तेथील त्यांचे सहकारी होते. १९२६ ते १९२९ या काळात राकोवित्सा रोमेनियन अकादमीचे अध्यक्ष होते. १९४० मध्ये उत्तर ट्रान्सिल्व्हेनिया हंगेरीकडे गेल्याने वयाच्या बहात्तराव्या वर्षी त्यांना क्लुज सोडून तिमिशोआरा येथे जावे लागले. युद्धानंतर ते परतले व क्लुजमध्येच त्यांचे निधन झाले. रोमेनियातील गुहाविज्ञान संस्था आज त्यांच्याच नावाने ओळखली जाते.