मेघांचें नामकरण करणारा ल्यूक हॉवर्ड

मृग नक्षत्र निघालें कीं परभणी जिल्ह्यांतील शेतकऱ्याचे डोळे आभाळाकडे लागतात. कोणता ढग बरसेल व कोणता नुसताच हुलकावणी देईल, हें तो अनुभवानें जाणतो. परंतु तें ज्ञान बहुधा त्याच्या शिवारापुरतेंच राहतें. सर्व देशांच्या निरीक्षकांस एकच ढग एकाच नांवानें ओळखतां यावा, ही सोय ज्यानें केली त्या ल्यूक हॉवर्डचें चरित्र म्हणूनच मननीय आहे.

हॉवर्डचा जन्म २८ नोव्हेंबर १७७२ रोजीं लंडन येथें क्वेकरपंथी ख्रिस्ती कुटुंबांत झाला. बर्फर्ड येथील शाळेंत तो लॅटिन शिकला. राजमान्य चर्चबाहेरील मुलांस ऑक्सफर्ड व केंब्रिजच्या पदव्या तेव्हां मिळत नसत. त्यानें औषधविक्रेत्याकडे उमेदवारी केली व पुढें रसायनें तयार करण्याचा धंदा पत्करला. आकाशनिरीक्षण मात्र कधींच सोडिलें नाहीं.

क्षणोक्षणीं पालटणाऱ्या ढगांचें वर्गीकरण व्हावें तरी कसें? डिसेंबर १८०२ मध्यें लंडनच्या एका लहानशा विद्वन्मंडळापुढें निबंध वाचून हॉवर्डनें दाखविलें कीं, आकार असंख्य भासले तरी मूळ प्रकार थोडेच आहेत. केसांच्या बटेसारखा विरळ तो 'सिरस', पिंजलेल्या कापसाच्या राशीसारखा तो 'क्यूम्युलस', चादरीसारखा पसरलेला तो 'स्ट्रेटस' आणि पाऊस पाडणारा तो 'निंबस'. एक ढग दुसऱ्यांत पालटतो, हें ओळखून त्यानें जोडनांवेंही दिलीं. त्याच वर्षीं लामार्क ह्या शास्त्रज्ञानें ढगांस फ्रेंच नांवें दिलीं होतीं, तीं मागें पडलीं. हॉवर्डचीं लॅटिन नांवें मात्र सर्वत्र रूढ झालीं.

जर्मन महाकवि गटे ह्यानें त्याच्या गौरवार्थ काव्य रचिलें व त्याचें चरित्र मागविलें, तेव्हां ह्या विनयशील गृहस्थास प्रथम ती थट्टाच वाटली. नेपोलियनच्या युद्धांत होरपळलेल्या जर्मन लोकांच्या साह्यार्थही तो झटला. १८२१ सालीं तो रॉयल सोसायटीचा सभासद झाला व २१ मार्च १८६४ रोजीं, वयाच्या ९१ व्या वर्षीं, त्याचें देहावसान झालें.

आज जगभर मानल्या जाणाऱ्या दहा मुख्य मेघप्रकारांचीं नांवें हॉवर्डच्याच शब्दांवर उभारलेलीं आहेत. विद्यार्थ्यांनो, हें ज्ञान केवळ परीक्षेपुरतें नव्हे. कापसाच्या राशीसारखा ढग उंच वाढून त्याचा माथा ऐरणीसारखा पसरला, तर तो विजेचा 'क्यूम्युलोनिंबस' होय. अशा वेळीं रानांत झाडाखालीं आसरा न घेतां तत्काळ पक्कें घर गांठावें व इतरांसही सावध करावें. परमेश्वराच्या सृष्टीकडे लक्ष देऊन पाहण्याची संवय अशीच एखाद्याचे प्राण वांचविते.