कॅमेऱ्याला पाय देणारा छायालेखक

चित्रपटाला वाचा फुटण्यापूर्वीच्या काळची ही हकीकत आहे. पडद्यावरील पात्रांचे ओठ हलत. परंतु ती काय बोलत आहेत, हे मधूनमधून येणाऱ्या पाट्या वाचूनच प्रेक्षकांना कळे. कॅमेरा तिवईवर घट्ट बसवावा आणि नटांनी त्याच्यासमोर येऊन अभिनय करावा, अशी तेव्हा बहुधा रीत असे. ही रीत ज्यांनी मोडली, त्यांत कार्ल फ्रॉइंड या छायालेखकाचे नाव अग्रभागी आहे.

फ्रॉइंडचा जन्म १६ जानेवारी १८९० रोजी बोहेमियात झाला. हा प्रांत त्या वेळी ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात होता. आज तो चेक प्रजासत्ताकात आहे. कार्ल अकरा वर्षांचा असताना त्याचे कुटुंब बर्लिनला आले. पोरवयातच तो चित्रपट दाखविणाऱ्या यंत्रावर मदतनीस म्हणून लागला आणि काही वर्षांतच कॅमेरा चालवू लागला.

१९२४ साली दिग्दर्शक मुर्नाऊ याने एका वृद्ध द्वारपालाची कथा चित्रित करावयास घेतली. एका मोठ्या हॉटेलच्या दारी झगमगीत गणवेश घालून ऐटीत उभा राहणारा हा म्हातारा. वय झाले म्हणून त्याचा गणवेश काढून घेतात आणि त्याला प्रसाधनगृहात कामाला लावतात. त्याचा अभिमान आणि त्याची मानखंडना पाट्यांवाचून दाखवावयाची होती. शब्दांचे हे काम आता कॅमेऱ्यानेच करावयाचे होते. ते साधले नसते, तर कथाच कळली नसती! फ्रॉइंडने कॅमेरा सायकलीवर चढविला. पाळण्यातून खाली उतरून हॉटेलच्या दिवाणखान्यातून तो दारापर्यंत सरकत गेला. म्हातारा मद्याने झिंगतो, तेव्हा त्याला भोवतालचे जग कसे दिसत असेल? फ्रॉइंडने कॅमेरा आपल्याच छातीशी बांधला, तोल राहावा म्हणून पाठीवर बॅटऱ्या घेतल्या आणि आपला स्थूल देह सावरीत तो झोकांड्या खात खोलीभर हिंडला. प्रेक्षकांच्या डोळ्यांपुढे सारी खोली गरगरू लागली.

फ्रॉइंडने लेखणीही हाती धरली. १९२७ साली पडद्यावर आलेल्या बर्लिन शहरावरील चित्रपटाच्या पटकथेत, लेखक कार्ल मायर आणि दिग्दर्शक रुटमान यांच्याबरोबर त्याचा वाटा होता. या पटकथेत नायक नाही, नायिका नाही. पहाटे आगगाडी शहरात शिरते आणि मध्यरात्रीपर्यंत शहराचा एक दिवस उलगडतो, एवढेच कथानक. माणसे कॅमेरा पाहताच अवघडतात, हे ओळखून पुष्कळशी दृश्ये त्याच्या चमूने कॅमेरा लपवून टिपली. अंधुक प्रकाशातही चित्र उमटावे, म्हणून फ्रॉइंडने फिल्मवर खास प्रक्रिया केली होती.

१९२९ मध्ये तो अमेरिकेस गेला. पुढे १९३३ साली जर्मनीत हिटलरची सत्ता आली आणि ज्यू लोकांचा छळ सुरू झाला. फ्रॉइंड ज्यू होता. १९३७ मध्ये त्याने आपल्या मुलीला तेथून सुखरूप अमेरिकेत आणले. मागे राहिलेल्या तिच्या आईला मात्र नाझींनी १९४२ साली ठार केले. चिनी शेतकऱ्यांच्या जीवनावरील ‘द गुड अर्थ’ या १९३७ च्या चित्रपटाच्या छायालेखनासाठी त्याला ऑस्कर पारितोषिक मिळाले.

साठी उलटल्यावर माणसे विश्रांतीचा विचार करतात. फ्रॉइंड मात्र १९५१ मध्ये दूरचित्रवाणीकडे वळला. ‘आय लव्ह लूसी’ ही विनोदी मालिका प्रेक्षकांसमोर, एकाच वेळी तीन कॅमेऱ्यांनी चित्रित करावयाची होती. प्रत्येक कॅमेऱ्यासाठी दिवे निराळे लावावे, तर खेळ थांबवावा लागणार. खेळ थांबला, तर प्रेक्षकांचे हसूही विरणार. फ्रॉइंडने बहुतेक दिवे वर टांगून रंगमंचभर सारखा प्रकाश पाडला. तिन्ही कॅमेरे चाकांवर मोकळेपणाने फिरू लागले आणि नटांचा खेळ अखंड चालू राहिला. ३ मे १९६९ रोजी कॅलिफोर्नियातील सँटा मोनिका येथे त्याचे निधन झाले.