‘रिंग’मधली सादाको आली कुठून? मनातल्या विचारांचे फोटो काढायला निघालेल्या जपानी प्राध्यापकाची गोष्ट

टीव्हीच्या पडद्यातून केस मोकळे सोडलेली मुलगी सरपटत बाहेर येते. ‘रिंग’ सिनेमातला हा सीन बघून तुमचीही कधीतरी झोप उडाली असेल. मूळ जपानी सिनेमा १९९८ चा, हॉलिवूडवाल्यांनी तो २००२ मध्ये पुन्हा बनवला. दोन्हींच्या मुळाशी आहे कोजी सुझुकी यांची १९९१ ची कादंबरी. त्यातल्या शापित व्हिडिओ कॅसेटवरची दृश्यं कुठल्याच कॅमेऱ्याने टिपलेली नसतात. सादाकोने ती नुसत्या मनाच्या जोरावर टेपवर उमटवलेली असतात.

सादाको काल्पनिक आहे. पण मनातलं चित्र एखाद्या वस्तूवर उमटवता येतं, ही कल्पना सुझुकींची नाही. शंभरहून जास्त वर्षांपूर्वी टोकियोतल्या एका प्राध्यापकाने ती मांडली, तिला नाव दिलं आणि तिच्यापायी नोकरीही घालवली. त्या प्राध्यापकाचं नाव तोमोकिची फुकुराई.

संमोहनापासून सुरुवात

फुकुराईंचा जन्म १८६९ चा, जपानच्या डोंगराळ भागातल्या ताकायामा गावचा. टोकियोच्या इम्पीरियल विद्यापीठात ते मानसशास्त्र शिकले, १९०६ मध्ये संमोहनावर डॉक्टरेट मिळवली आणि तिथेच सहायक प्राध्यापक झाले. म्हणजे गडी कुणी बुवा-बाबा नव्हता. देशातल्या सगळ्यात मोठ्या विद्यापीठातला नावाजलेला माणूस होता.

काळही तसाच होता. १८९५ मध्ये क्ष-किरण सापडले, मग किरणोत्सर्ग, मग रेडियम. डोळ्यांना न दिसणारे किरण काळ्या कागदात गुंडाळलेल्या फोटोच्या काचेवर ठसा उमटवतात, हे सिद्ध झालं होतं. मग मनातूनही असं काही बाहेर पडत असेल का, हा प्रश्न तेव्हा वेडगळ वाटत नव्हता.

चिझुको आणि शिशाच्या नळ्या

त्याच सुमारास कुमामोतो भागातल्या चिझुको मिफुने या तरुणीचं नाव गाजत होतं. मेव्हण्याने तिला संमोहित केलं आणि तेव्हापासून तिला बंद वस्तूंच्या आतलं दिसायला लागलं, असं सांगितलं जायचं. महाभारतातल्या संजयाला होती तशी दिव्यदृष्टी म्हणा ना. जपानीत याला ‘सेन्रिगान’ म्हणतात, म्हणजे हजार कोसांवरचं बघणारा डोळा.

फुकुराईंनी १९१० मध्ये तिच्यावर प्रयोग केले आणि त्यांची खात्री पटली. एक अडचण मात्र होती. चिझुको बघणाऱ्यांकडे पाठ करून बसायची. तिच्या हातात त्या वेळी काय चाललंय, ते कुणालाच दिसायचं नाही.

सप्टेंबर १९१० मध्ये टोकियोत बड्या शास्त्रज्ञांसमोर चाचणी झाली. भौतिकशास्त्रज्ञ आणि विद्यापीठाचे माजी प्रमुख केंजिरो यामाकावा यांनी अक्षरं लिहिलेले कागद शिशाच्या नळ्यांत घालून नळ्या बंद केल्या होत्या. चिझुकोने आतली अक्षरं बरोबर सांगितली. पण नळी उघडल्यावर कळलं, की ती यामाकावांची नव्हतीच. फुकुराईंनी तिला आधी सरावासाठी दिलेली नळी होती ती.

झालं. वर्तमानपत्रांना विषय मिळाला. आधी जिला डोक्यावर घेतलं होतं, तिच्यावरच आता संशयाच्या बातम्या यायला लागल्या.

‘नेन्शा’चा जन्म

फुकुराई थांबले नाहीत. मारुगामे शहरातल्या इकुको नागाओ या न्यायाधीशाच्या पत्नीवर त्यांचे प्रयोग सुरू होते. न धुतलेल्या फोटोच्या काचेवरचं अक्षर इकुको यांनी मनाने ओळखायचं, असा तो प्रयोग होता. नंतर काच धुतली तेव्हा तिच्यावर प्रकाश लागल्यासारखे डाग दिसले. फुकुराईंनी निष्कर्ष काढला, की हे इकुको यांच्या मनाचं काम आहे. मग त्यांनी ठरलेली अक्षरं मुद्दाम काचेवर उमटवायला सांगितली आणि ती उमटल्याचं जाहीर केलं. या प्रकाराला त्यांनी नाव दिलं ‘नेन्शा’. ‘नेन’ म्हणजे विचार, ‘शा’ म्हणजे नक्कल उतरवणं.

पण ओल्या हाताने, जरा उजेड लागल्याने किंवा रसायनांतल्या चुकीनेही काचेवर डाग पडतात. काच कुणाच्या ताब्यात होती, किती वेळ होती, याचा चोख हिशोब नसेल तर त्या डागाला काहीच अर्थ उरत नाही. जानेवारी १९११ मध्ये यामाकावांचा चमू मारुगामेला गेला. तिथे काचांवरूनच वाद झाला आणि चमूतल्या एका संशोधकाने पत्रकारांसमोर फसवणुकीचा आरोप केला.

त्याच महिन्यात चिझुकोने आत्महत्या केली. ती २४ वर्षांची होती. तिच्या जाण्याचं नेमकं एकच कारण सांगता येत नाही, पण शेवटचे काही महिने तिची भरचौकात उलटतपासणी चालली होती, हे खरं. पुढच्याच महिन्यात आजारपणात इकुको यांचाही मृत्यू झाला.

विद्यापीठाबाहेर

तरीही १९१३ मध्ये फुकुराईंनी या प्रयोगांवर पुस्तक छापलं. त्यात सादाको ताकाहाशी या आणखी एका स्त्रीवरचे प्रयोग होते. ‘रिंग’मधल्या सादाकोचं नाव तिच्यावरूनच घेतलं असं मानलं जातं. त्याच वर्षी विद्यापीठाने फुकुराईंना रजेवर पाठवलं आणि १९१५ मध्ये त्यांची नोकरी कायमची गेली.

पुढे शिंगोन बौद्ध पंथाच्या कोयासान विद्यापीठात ते प्राध्यापक झाले. १९३० च्या दशकात तर चंद्राची पृथ्वीवरून कधीच न दिसणारी बाजू नेन्शाने टिपल्याचा दावा त्यांच्या प्रयोगांतून पुढे आला. तो तपासायची सोय तेव्हा कुणाकडेच नव्हती. सोव्हिएत रशियाच्या लुना-३ यानाने त्या बाजूचे पहिले फोटो काढले ते १९५९ मध्ये. फुकुराई त्याआधीच, १९५२ मध्ये सेंदाईमध्ये वारले होते. शेवटपर्यंत त्यांचा विश्वास ढळला नाही. त्यांच्यावर विश्वास ठेवून चाचणीला बसलेल्या स्त्रियांना मात्र विद्यापीठ, पत्रकार आणि लोक या सगळ्यांना तोंड द्यावं लागलं.

‘रिंग’मध्ये सादाकोच्या आईच्या जाहीर प्रयोगाचा सीन आहे. तो चिझुकोच्या कहाणीवर बेतला आहे. सिनेमात तिला लबाड म्हणणारा पत्रकार सादाकोच्या नुसत्या विचाराने जागच्या जागी मरून पडतो. १९११ मध्ये पत्रकारांना काहीच झालं नाही. बातम्या छापून येत राहिल्या, जीव गेला तो चिझुकोचा.